चरित्र अभिनेत्याचं करिअर उभं राहतं कसं?

"पोरगं एकांकिकेत बरं काम करतंय, मुंबईला पाठवू काय?" बेळगावात नाटकाच्या तालमींभोवती वावरणाऱ्या कुणालाही हा प्रश्न नवा नाही. शहापूर, वडगाव, अनगोळ, तिकडे खानापूर नि निपाणी, सगळीकडून तो येतो. विचारणाऱ्या आईवडिलांच्या डोळ्यांसमोर हिरो असतो, पोराच्या तर असतोच असतो. म्हणून उत्तर देताना आधी हे सांगावं लागतं की हिरो होणं हा या धंद्यातला अपवाद आहे. जो टिकतो, चाळीस-चाळीस वर्षं काम करतो, तो बहुतेक वेळा दुसराच कुणीतरी असतो. वकील, फौजदार, मास्तर, मामा, सरपंच, मुलीचा बाप, शेठजीचा दिवाणजी. या माणसांशिवाय एकही गोष्ट पुढे सरकत नाही. ती उभी करणारा तो चरित्र अभिनेता. त्याला कामं कशी येतात, पैसे कसे मिळतात, काम आटतं कधी, हे आपल्याकडे कुणी नीट सांगत नाही. ते सांगण्यासाठी हा लेख.

फरक कळतो तो प्रेक्षक कुणासाठी येतो ते बघितल्यावर. हिरोच्या नावावर निर्माता पैसा उभा करतो, पोस्टर छापतो, तिकीट विकतो. प्रेक्षकाला तोच माणूस पुन्हा बघायचा असतो, त्यामुळे हिरोला फार बदलूनही चालत नाही. चरित्र अभिनेत्याची निवड त्यानंतर होते आणि ती गोष्टीच्या गरजेनं होते. यात त्याचं नुकसानही आहे आणि संरक्षणही. मानधन हिरोच्या जवळपास जात नाही. पण चित्रपट पडला तर भाव हिरोचा उतरतो. नायिकेचा बाप झालेल्या नटाला कुणी दोष देत नाही, पुढच्या महिन्यात तो दुसऱ्या सेटवर असतो. दीर्घ करिअरचं अर्धं गणित इथंच आहे.

या कामाची सरकारदरबारी दखलही उशिराच झाली. फिल्मफेअरनं सहायक अभिनेत्याला १९५५ पासून पुरस्कार द्यायला सुरुवात केली. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत मात्र असा वेगळा पुरस्कार आला तो १९८४ सालच्या चित्रपटांपासून. तोवर कितीतरी मोठे नट सहायक भूमिका करून निघून गेले होते.

अष्टपैलू कुणाला म्हणायचं

एका माणसाची कामं डोळ्यांसमोर ठेवली की हे सगळं सोपं होतं. मी दिलीप प्रभावळकरांची घेतो, कारण आपल्याकडच्या तीन पिढ्यांनी त्यांना तीन वेगळ्या रूपांत ओळखलंय. जन्म १९४४ चा. रत्नाकर मतकरींच्या बालनाट्यात त्यांनी चेटकीण केली. सत्तरच्या दशकात मुंबई दूरदर्शनवर ते चिमणराव झाले, साधे, भांबावलेले, मध्यमवर्गीय. १९९१ मध्ये 'चौकट राजा'त वाढ खुंटलेल्या मनाचा नंदू. त्यानंतर दोनच वर्षांनी, १९९३ मध्ये, 'झपाटलेला'त तात्या विंचू. स्वतः लिहिलेल्या 'हसवाफसवी'त एकाच प्रयोगात सहा माणसं. २००१ मध्ये टीव्हीवर टिपऱ्यांच्या घरातले आबा. २००६ मध्ये एका हिंदी चित्रपटात गांधीजी. त्या वर्षी सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला, तो या गांधीजींसाठी आणि 'शेवरी' या मराठी चित्रपटासाठी मिळून. आणि २०२५ मध्ये, वयाच्या ८१ व्या वर्षी, 'दशावतार'मध्ये आंबोली घाट उतरल्यावर लागणाऱ्या मुलखातला, दशावतारात रंगणारा म्हातारा कलावंत. तीही थेट मध्यवर्ती भूमिका.

यादी मोठी आहे म्हणून हे सांगत नाही. कामांचा क्रम बघा. नंदूच्या मागोमाग तात्या विंचू येतो. ज्या चेहऱ्यानं घरोघरच्या बायकांना रडवलं, त्याच चेहऱ्याचं पोरांनी भय घेतलं. २००१ मध्ये आबा करून घराघरात आजोबा झालेला हा नट २००२ मध्ये एका हिंदी चित्रपटात गुंडांच्या टोळीचा म्हातारा म्होरक्या झाला. एका भूमिकेचा रंग प्रेक्षकाच्या डोळ्यांत पक्का बसायच्या आत दुसरी, उलट्या टोकाची भूमिका समोर येत राहिली. अष्टपैलू म्हणजे नुसतं वेगवेगळं काम करता येणं एवढंच नाही. ते लोकांच्या नजरेला पडत राहावं लागतं, नाहीतर करता येतंय हे कुणाला कळतच नाही.

आता यातलं कसब कसलं ते जवळून बघू. आबा टिपरे करताना प्रभावळकर सत्तावन्न वर्षांचे होते, म्हणजे पात्रापेक्षा बरेच तरुण. नवख्याला म्हातारा करायला दिला की तो कमरेत वाकतो, आवाज कापरा करतो आणि काठी मागतो. खरा म्हातारा खुर्चीतून कसा उठतो ते बघा. आधी तो उठायचं ठरवतो. मग दोन्ही पावलं जवळ ओढतो, हात गुडघ्यांवर टेकवतो, वजन पुढे घेतो, श्वास घेतो, आणि मग उठतो. बोलणं चालू असेल तर वाक्य मध्येच थांबतं आणि उभा राहिल्यावर पुरं होतं. वाक्यातली ती फट म्हणजे वय. आवाज कापरा करायची गरजच पडत नाही.

रविवार पेठेत एखाद्या जुन्या दुकानातला दिवाणजी असाच बघण्यासारखा असतो. गिऱ्हाइकाशी बोलता बोलता बोटं नोटा मोजत राहतात, नजर वहीवर नसते पण आकडा चुकत नाही, मालकानं आतून हाक मारली की मान वळत नाही, फक्त मोजणं क्षणभर थांबतं. हा माणूस कुठल्याही नाट्यशाळेत शिकवत नाहीत. तो ज्यानं डोळ्यांत साठवलाय त्याला उद्या सेटवर मुनीम, कारकून, सावकार, बँकेतला कॅशियर, काहीही द्या, तो हातांपासून सुरुवात करील. चरित्र अभिनेत्याचं भांडवल म्हणजे अशा माणसांचा साठा, आणि बेळगावच्या बाजारात तो फुकट मिळतो.

सिनेमा आणि मालिका ही दोन वेगळी कामं

बरेच जण समजतात की पडदा लहान-मोठा एवढाच फरक. तसं नाही. सिनेमात बहुतेक वेळा पूर्ण पटकथा आधी हातात येते. माणूस शेवटी कुठं पोचणार ते नटाला ठाऊक असतं. चित्रीकरण मात्र उलटसुलट होतं: मरणाचा प्रसंग पहिल्या दिवशी आणि लग्नाचा विसाव्या दिवशी. म्हणून कुठल्या प्रसंगात पात्र मनानं कुठं आहे याचा हिशेब नटाला स्वतः ठेवावा लागतो. कपडे, दाढी, हातातला कप डाव्या हातात होता की उजव्या, हे बघायला सहायक दिग्दर्शक असतो. मनाचा धागा बघायला कुणी नसतं.

मालिकेत शेवट कुणालाच माहीत नसतो. बारा तासांची शिफ्ट असते, प्रसंग कित्येकदा त्याच दिवशी सकाळी हातात पडतो, कधी शाई वाळलेली नसते अशी अवस्था. दर गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात आणि त्यावर गोष्टीचा कल ठरतो. काकाचं पात्र लोकांना आवडलं तर काकाचा ट्रॅक वाढतो, नाही आवडलं तर काका अचानक गावाला जातो आणि परत येत नाही. अशा ठिकाणी लागतात ते पाठांतर, वेग आणि रोज तोच माणूस तसाच उभा करायची चिकाटी. मालिकेनं नटाचा हात साफ होतो असं जाणते लोक म्हणतात ते खरं आहे, पण ठरावीक मर्यादेपर्यंत. दोन-तीन वर्षं रोज एकच पात्र केलं की त्याच्या सवयी नटाच्या अंगात मुरतात आणि पुढच्या पात्रात डोकावू लागतात.

दुसरी अडचण जास्त व्यवहाराची आहे. मालिका चालू असताना दाढी काढता येत नाही, केस बदलता येत नाहीत, वजन कमी-जास्त करता येत नाही. महिन्यातले वीसेक दिवस बांधलेले. मधेच चांगला चित्रपट आला तर तारखा जुळत नाहीत. अतुल कुलकर्णींनी २०१० च्या 'नटरंग'मध्ये आधी पैलवानी अंगाचा गुणा आणि मग तमाशातला नाच्या असे एकाच चित्रपटात दोन देह दाखवले. रोजच्या मालिकेत अडकलेल्या माणसाला हे जमलं नसतं, कारण अंग घडवायला आणि मोडायला मोकळे महिने लागतात. ज्यांची कारकीर्द लांब चालते ते या दोन्हींत आलटून-पालटून वावरतात. मालिकेनं घरभाडं निघतं, चित्रपटानं ओळख बदलते, आणि नाटक असेल तर आवाज आणि श्वास जागेवर राहतो.

पैशाचा हिशेब

याबद्दल लोक लाजतात, म्हणून इथं थोडं सविस्तर लिहितो. चरित्र अभिनेत्याला पगार नसतो, दिवसाप्रमाणे मानधन ठरतं. हिशेबापुरतं समजा, दिवसाला ५,००० रुपये ठरले आणि महिन्यात १२ दिवस काम लागलं. झाले ६०,०००. त्यातून दहा टक्के टीडीएस, म्हणजे ६,००० आधीच कापून येतात (हे आयकर विवरण भरलं की कर बसतो तेवढा वजा होऊन परत मिळू शकतात, पण विवरण भरायला हवं आणि नवी मुलं ते भरतच नाहीत). काम कोऑर्डिनेटरमार्फत, म्हणजे कामं मिळवून देणाऱ्या मध्यस्थामार्फत, आलं असेल तर त्याचा वाटा. तोही दहा टक्के धरला तर हातात ४८,०००. आणि हे कधी मिळणार? मालिकांच्या धंद्यात नव्वद दिवसांनी पैसे द्यायची रीत रुळलेली आहे. जूनमध्ये केलेल्या कामाचे पैसे सप्टेंबर संपताना येतात. पुढच्या महिन्यात १२ दिवस मिळतील याची हमी नाही. एखादा महिना सगळाच कोरडा जातो.

म्हणून पोराला मुंबईला पाठवू का, या प्रश्नाचं माझं पहिलं उत्तर असतं की निदान सहा महिन्यांचं भाडं आणि जेवण आधी बाजूला ठेवा. ते नसलं की पोरगं मिळेल ती भूमिका घेतं, आणि पहिल्या दोन वर्षांत घेतलेल्या भूमिकांवरच पुढची छाप ठरते.

मालिका पुन्हा दाखवली तर पैसे मिळतात काय, असंही विचारतात. २०१२ च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायद्यात कलाकाराच्या हक्कांची तरतूद आहे आणि व्यापारी वापरासाठी रॉयल्टीचा उल्लेखही आहे. पण मालिका परत लागली म्हणून घरी चेक आला, असा अनुभव आपल्याकडच्या बहुतेक नटांना नाही. करारावर सही करायच्या आधी तो वाचणं, दिवसाचं मानधन, कामाचे तास, पैसे मिळायची मुदत आणि प्रवासखर्च हे चारही कागदावर आहे ना ते बघणं, एवढं तरी आपल्या हातात असतं. भांडण झालंच तर सिंटा ही नटांची संघटना मध्यस्थी करते, पण तिलाही कागद लागतो.

छाप कशी बसते

नटांची निवड घाईत होते. उद्या सकाळी सातला इन्स्पेक्टर पाहिजे म्हटल्यावर कास्टिंगवाल्याला जो इन्स्पेक्टर आधी आठवतो त्याला फोन जातो. त्यानं नीट काम केलं की पुढच्या इन्स्पेक्टरसाठीही त्यालाच. अशा पाच वर्द्या अंगावर चढल्या की सहाव्यांदा त्याला मास्तर कुणी देत नाही. यात कुणाचा दुष्टपणा नाही, ज्याला त्याला वेळेत काम उरकायचं असतं.

छाप वाईटच असते असं मी म्हणणार नाही. तिच्यावर घर चालतं. निळू फुल्यांना अवघ्या महाराष्ट्रानं आणि आपल्या सीमाभागानं बेरकी पुढारी म्हणून डोक्यावर घेतलं, बायका त्यांना खरोखरचा खलनायक समजायच्या. पण १९७९ च्या 'सिंहासन'मध्ये तोच माणूस दिगू टिपणीस हा पत्रकार झाला, सगळं बघणारा, ऐकणारा आणि आतून ढासळत जाणारा. तिथं त्यांच्याकडे ना दरडावणं आहे, ना ती प्रसिद्ध नजर. माझ्या मते मराठी पडद्यावरच्या फार थोड्या भूमिका त्या तोडीच्या आहेत. छापेच्या बाहेर पडायला दिग्दर्शकानं विश्वास टाकावा लागतो, आणि नटानं त्या कमी पैशाच्या, कमी गाजावाजाच्या कामासाठी तारखा मोकळ्या ठेवाव्या लागतात. नाही म्हणता येणं हा या करिअरचा एक भागच आहे.

आपल्या भागाकडे काय आहे

मराठी संगीत नाटकाचा पाया घालणारे अण्णासाहेब किर्लोस्कर याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे, जन्म १८४३ चा. कन्नड रंगभूमीचे एणगी बाळप्पा इथलेच, १९१४ ते २०१७, शंभरी ओलांडलेलं आयुष्य. स्त्रीभूमिकांपासून सुरुवात करून ते बसवेश्वरांपर्यंत पोचले. अष्टपैलू या शब्दाचा अर्थ त्यांच्याकडे बघून शिकावा. २०१५ मध्ये ९५ वं अखिल भारतीय मराठी नाट्यसंमेलन बेळगावात झालं, अध्यक्षा होत्या फैयाज. गावोगावच्या जत्रांत आजही नाटकं होतात. प्रेक्षक आहे, रंगमंच आहे, हौस आहे.

त्याहून मोठी गोष्ट म्हणजे दोन भाषा. आपल्याकडचं पोरगं घरात मराठी, बाजारात कन्नड, टीव्हीसमोर हिंदी, असं वाढतं. चरित्र अभिनेत्याला याची किंमत हिरोपेक्षा जास्त मिळते, कारण तो भाषा ओलांडून जाऊ शकतो. चरण राज बेळगावात जन्मले. १९८५ च्या एका तेलुगू चित्रपटात त्यांनी गुंड काली केला आणि १९८७ मध्ये त्याच गोष्टीच्या हिंदी रूपातही तेच काली झाले. दावणगिरीत जन्मलेल्या, सोलापुरात शिकलेल्या अतुल कुलकर्णींनी मराठी, हिंदी, कन्नड, तमिळ, तेलुगू अशा कितीतरी भाषांत कामं केली आणि सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार दोनदा घेतला. अनंत नाग मुंबईत मराठी नाटकांत वावरले आणि मग कन्नडमधले मोठे नट झाले. २०२५ मध्ये त्यांना पद्मभूषण जाहीर झालं.

असं असून आपली मुलं फोटो फक्त मुंबई-पुण्याला पाठवतात. मला हे मनापासून खटकतं. भाषेचा लढा आपल्या जागी आहे, त्याबद्दल माझं मत तुमच्यासारखंच आहे. पण हुबळी-धारवाडची रंगभूमी आणि बेंगळुरूच्या मालिका या आपल्या पोरांच्या पोटाच्या जागा होऊ शकतात. डबिंगचंही तसंच. कन्नडमध्ये परभाषेतले चित्रपट डब करण्यावर कित्येक वर्षं अघोषित बंदी होती. २०१५ मध्ये भारतीय स्पर्धा आयोगानं तिच्याविरुद्ध निकाल दिला आणि हळूहळू ते काम खुलं झालं. दोन्ही भाषा स्वच्छ बोलणाऱ्या आवाजाला तिथं वाव आहे.

बोलीचं तेवढं सांभाळावं लागतं. आपल्याकडच्या मुली सहज "मी जातो", "मी जेवलो" म्हणतात. मुंबईच्या ऑडिशनमध्ये त्यावर हसतात आणि पोरगी खचते. तिनं प्रमाण मराठी शिकावी, रोज मोठ्यानं वाचून शिकावी, पण घरची बोली टाकून देऊ नये. २०१६ नंतर कोल्हापूरजवळच्या वसगडे गावात एक मालिका वर्षानुवर्षं चालली आणि या पट्ट्यातलं बोलणं रोज रात्री घराघरांत ऐकू आलं. तशी गोष्ट आली की पुण्याच्या नटाला जी बोली शिकवावी लागते ती हिच्या तोंडात जन्मापासून असते.

सुरुवातीलाच मुंबई गाठायची सक्ती आता उरलेली नाही. बरीचशी पहिली निवड मोबाइलवर काढलेल्या व्हिडिओवर होते. साधी भिंत, खिडकीकडे तोंड, फोन आडवा. नाव, वय, उंची, गाव, येणाऱ्या भाषा सांगायच्या, डावी-उजवी बाजू दाखवायची आणि दिलेला प्रसंग करायचा. पार्श्वसंगीत नको, फिल्टर नको, हिरोछाप चष्मा तर नकोच. त्यांना चेहरा आणि कान असलेला नट बघायचा असतो. कान म्हणजे समोरच्याचं वाक्य ऐकून मग बोलणारा. पाठ केलेलं वाक्य घाईनं टाकणारा तिथंच बाद होतो.

आणि ऑडिशनसाठी, फोटोच्या फायलीसाठी, 'कार्ड (म्हणजे नटाचं ओळखपत्र) काढून देतो' म्हणून कुणी पैसे मागितले तर सरळ उठून यायचं. काम देणारा नटाकडून पैसे घेत नाही. आपल्या भागात हॉटेलातली खोली घेऊन दोन दिवसांचं 'सिलेक्शन' करणारी आणि पालकांकडून हजारो रुपये घेऊन जाणारी माणसं येऊन गेलेली आहेत. त्यांना पैसे देण्यापेक्षा तीच रक्कम सहा महिन्यांच्या भाड्याच्या डब्यात टाका, आणि पोराला तोवर इथंच, मिळेल त्या नाटकात, मिळेल ती छोटी भूमिका करू द्या. मराठीत एक, कन्नडमध्ये एक.